गांधीजी इतके भरभर का चालतात?

दांडीयात्रेचं ते दृश्य आपण सगळ्यांनी पाहिलेलं आहे. कुठं आणि कधी, हे मात्र कुणालाच नक्की सांगता येत नाही. थिएटरात पडद्यावर ‘फिल्म्स डिव्हिजन की भेंट’ अशी अक्षरं यायची तेव्हा असेल, दूरदर्शनवर एखाद्या दोन ऑक्टोबरला असेल, नाहीतर परवा मोबाइलवर. हातात काठी, अंगावर पंचा, मागे पांढऱ्या टोप्यांची रांग आणि सगळ्यांच्या पुढे गांधीजी तुरुतुरु चाललेले. एक पाऊल टेकतं न टेकतं तोच दुसरं पुढे. मागची मंडळी तर जवळजवळ धावतच असतात. शाळेत आमच्या वर्गातला एक पोरगा ती चाल हुबेहूब करून दाखवायचा आणि मास्तरांसकट सगळे हसायचे.

मध्यंतरी हेच दृश्य मी संगणकावर लावलं आणि गंमत म्हणून वेग पाऊणपट केला. तुरुतुरु चाल गेली. साठी उलटलेला एक काटक माणूस दमदार ढांगा टाकत रस्त्यानं चालला होता. काठी नीट टेकत होती, पंच्याचा सोगा वाऱ्यावर हलत होता आणि मागची माणसं धावत नव्हती, चालत होती. हसू कुठल्या कुठे गेलं.

भानगड साधी आहे. मूकपटांच्या काळातले बरेच कॅमेरे हातानं फिरवायचे. कॅमेरामनच्या मनगटाच्या लयीनुसार सेकंदाला साधारण १६ ते १८ चित्रं टिपली जात. बोलपट आला, आवाजाच्या सोयीसाठी प्रोजेक्टर सेकंदाला २४ चित्रांवर कायमचा बांधला गेला आणि जुनी रिळंही त्याच वेगानं पळू लागली. १६ च्या वेगानं टिपलेलं एक मिनिट २४ च्या वेगानं ४० सेकंदांत आटोपतं. लॅबमध्ये यावर एक उपाय असे. दर दोन चित्रांमागे एक चित्र दोनदा छापायचं, म्हणजे वेग ताळ्यावर येतो. पण मग चाल अडखळत, हिसके देत होते. शिवाय त्याला पैसे पडतात. बहुतेकांनी तो नाद केला नाही.

गांधीजी झपाझप चालायचे हे खरंच. १२ मार्च १९३० रोजी साबरमतीहून निघून ६ एप्रिलला त्यांनी दांडीला मीठ उचललं. २४ दिवसांत २४० मैल, म्हणजे दिवसाला सरासरी १० मैल, आणि वाटेत जागोजागी सभा. हे एकसष्टाव्या वर्षी. पण त्या चालीत जे हास्यास्पद दिसतं ते त्यांचं नाही. ते यंत्राचं आहे, आणि ते दुरुस्त न करता पुढे ढकलणाऱ्या सगळ्यांचं आहे.

मराठी वृत्तवाहिन्यांवर जुनं दृश्य दाखवताना कोपऱ्यात ‘संग्रहित’ अशी पाटी असते. कुणी संग्रह केला, कशासाठी केला, मधल्या काळात ते रीळ कुणाकुणाच्या हातून गेलं, हे त्या चार अक्षरांत मावत नाही. गांधीजींच्या हलत्या चित्रांपुरती ती कथा थोडी उलगडून पाहता येते, कारण त्यात दोन-तीन हट्टी माणसं आहेत.

पहिली गोष्ट अशी की, गांधीजींची ही चित्रं काढली कुणी? जगभरात गाजलेली बरीचशी चित्रं परदेशी वार्तापट कंपन्यांनी काढली. पाथे, पॅरामाउंट, युनिव्हर्सल, फॉक्स, ब्रिटिश मूव्हीटोन अशी त्यांची नावं. या कंपन्यांचा धंदा आठवड्याचा असे. मुख्य चित्रपटाआधी दहा मिनिटांचं रीळ लावायचं, त्यात एखाद्या राजाचं लग्न, घोड्यांची शर्यत, कुठला तरी पूर आणि हिंदुस्थानातला हा पंचावाला पुढारी. पुढच्या शुक्रवारी नवं रीळ आलं की जुनं शिळं. १९३१ च्या सप्टेंबरात गोलमेज परिषदेसाठी गांधीजी विलायतेला गेले तेव्हा या कॅमेऱ्यांनी त्यांची पाठ सोडली नाही. पूर्व लंडनमधलं किंग्सली हॉल, चार्ली चॅप्लिनची भेट, बहिष्कारामुळे मंदीत आलेल्या लँकेशायरमधल्या गिरणी कामगारांच्या भेटी. या चित्रांवरच्या इंग्रजी निवेदनात कित्येकदा थट्टेचा सूर असायचा. पंचा, शेळीचं दूध, चरखा, सगळंच त्यांना मौजेचं वाटे. पण कॅमेऱ्यानं टिपलेली माणसं त्या निवेदनाला जुमानत नाहीत. गिरणीतल्या बाया त्यांच्याभोवती हसत, हात उंचावत उभ्या आहेत, आणि निवेदक काहीही बोलला तरी त्या तशाच हसत राहतात.

त्याच वर्षी ३० एप्रिलला फॉक्स मूव्हीटोनची अमेरिकन मंडळी ध्वनिमुद्रणाची जड सामग्री घेऊन गुजरातेत बोरसदला पोचली होती. आयर्विन करार होऊन जेमतेम दोन महिने झाले होते. कॅमेऱ्यासमोर बसलेले गांधीजी पाहण्यासारखे आहेत. प्रश्न येतो, हे थोडा वेळ गप्प, मग अगदी तुटक उत्तर, आणि उत्तर देऊन झालं की पुन्हा गप्प. लंडनला राजाच्या भेटीला काय नेसून जाणार, पुन्हा तुरुंगात जायची वेळ आली तर काय, असले प्रश्न. बोलक्या सिनेमासमोर बोलायचा त्यांना मुळीच उत्साह नाही, हे स्पष्ट दिसतं. आज हा तुकडा इंटरनेटवर ‘गांधीजींची पहिली टेलिव्हिजन मुलाखत’ या नावानं फिरतो. १९३१ साली टेलिव्हिजन कुठलं? ते थिएटरांसाठी काढलेलं रीळ होतं. पण एकदा पाटी चिकटली की चिकटली.

पाटीची अशीच गफलत मिठाच्या प्रसंगाची. वाकून मीठ उचलणारे गांधीजी, मागे मिठूबेन पेटिट, हे छायाचित्र दांडीचं म्हणून पाठ्यपुस्तकांपासून माहितीपटांपर्यंत सगळीकडे आहे. ते दांडीचं नाही. तीन दिवसांनंतर, ९ एप्रिलला, भीमराडला काढलेलं आहे.

मग आपले लोक काय करत होते? करत होते. १९३० मध्ये मुंबईच्या शारदा, कृष्णा अशा कंपन्यांनी यात्रेवर पट काढले होते. मुंबई सरकारनं त्यांच्यावर बंदी घातली. सिनेमावाल्याचा पट अडकला की त्याचा पैसा अडकतो, आणि पैसा अडकला की त्याला रीळ जपायचा हुरूप राहत नाही. १९३७ मध्ये काँग्रेसची मंत्रिमंडळं आली तेव्हा हवा जरा मोकळी झाली, पण तोवर कित्येक डबे कुठं गेले याचा पत्ता उरला नव्हता.

याच १९३७ मध्ये, आणि तेही दोन ऑक्टोबरलाच, न्यूयॉर्कहून डब्लिनला निघालेल्या ‘समारिया’ बोटीवर पंचविशीतला एक तमिळ तरुण डेकवर बसला होता. नाव ए. के. चेट्टियार. कारैकुडीजवळच्या कोट्टैयूरचा. टोकियोत छायाचित्रण शिकलेला, मग न्यूयॉर्कला जाऊन पुन्हा शिकलेला. तमिळमध्ये प्रवासवर्णनं लिहायचा आणि ‘जगभर फिरलेला तमिळ’ म्हणून पुढे प्रसिद्ध झाला. त्या दिवशी त्याच्या डोक्यात आलं की, गांधीजींवर एक पूर्ण लांबीचा माहितीपट करायचा. स्वतः कॅमेरा घेऊन त्यांच्या मागे फिरायचं, हा बेत नव्हताच. जे घडून गेलं ते आता कसं टिपणार? इतरांनी टिपून ठेवलेलं शोधायचं, मागायचं, विकत घ्यायचं आणि त्यातून आयुष्य उभं करायचं, असा तो बेत होता.

आज हे ऐकायला सोपं वाटतं. कळफलकावर दोन शब्द टाइप केले की ब्रिटिश पाथेनं २०१४ मध्ये यूट्यूबवर टाकलेली ८५,००० चित्रं समोर येतात. चेट्टियारला आधी हेच माहीत नव्हतं की गांधीजींची चित्रं आहेत कुणाकडे. मद्रासला परतून त्यानं ‘डॉक्युमेंटरी फिल्म्स लिमिटेड’ नावाची कंपनी काढली, भागभांडवल गोळा केलं आणि निघाला. लंडन, पॅरिस, युरोपातली इतर शहरं, अमेरिका, दक्षिण आफ्रिका. वार्तापट कंपन्यांच्या गोदामांत जाऊन वह्या चाळायच्या, डबे काढायला लावायचे, रीळ लावून पाहायचं, हवा तो तुकडा फुटावर मोजून विकत घ्यायचा. मिठाईसारखा सिनेमाचा तुकडा विकत घेणारा हा हिंदी माणूस गोदामवाल्यांना चक्रमच वाटला असेल. मध्येच १९३९ मध्ये महायुद्ध पेटलं. समुद्रावर पाणबुड्या आणि याच्या सामानात नायट्रेटच्या रिळांचे डबे, जे ठिणगी लागताच भडकतात.

हिशेब ऐकण्यासारखा आहे. तीन वर्षांत सुमारे एक लाख मैलांचा प्रवास. तीस वर्षांच्या काळात सुमारे शंभर कॅमेरामननी टिपलेली ५०,००० फूट फिल्म. प्रोजेक्टरवर मिनिटाला ९० फूट जातात, म्हणजे ही सव्वानऊ तासांची चित्रं झाली. त्यातून १२,००० फुटांचा, सव्वादोन तासांचा पट त्यानं बांधला. इथल्या चित्रीकरणासाठी त्याच्या मदतीला डॉ. पी. व्ही. पाथी होते. पॅरिसला शिकून आलेले पाथी हिंदुस्थानातल्या वार्तापट छायाचित्रणाचे आद्यपुरुष मानले जातात. २३ ऑगस्ट १९४० रोजी तमिळ आवृत्ती प्रदर्शित झाली, मग तेलुगू.

त्या शंभर कॅमेरामनांपैकी बहुतेकांची नावं कुठंच नाहीत. ज्यांनी ते चित्र नोकरीचा भाग म्हणून काढलं, कदाचित कंटाळत काढलं, त्यांना एकत्र आणणारा हा माणूसही तसाच. चेट्टियारच्या लेखनात ‘मी’ जवळजवळ येतच नाही. माहितीपटाच्या शोधाची हकीकत त्यानं लिहिली, तीतही स्वतःला शक्य तितकं दाराआड ठेवलं. पण त्या पटात त्यानं जे केलं ते फार मोठं होतं. थट्टेसाठी, बातमीसाठी, गल्ल्यासाठी काढलेली चित्रं त्यानं इंग्रजी निवेदनातून सोडवली आणि तमिळ निवेदनात बसवली. चित्र तेच, पण आता त्यातला माणूस परक्यांचा नमुना राहिला नव्हता, घरचा झाला होता.

‘चले जाव’च्या काळात छापा पडेल या भीतीनं प्रिंट लपवून ठेवाव्या लागल्या. स्वातंत्र्यानंतर चेट्टियार अमेरिकेला गेला आणि १९५३ मध्ये तिथे या पटाची छोटी इंग्रजी आवृत्ती निघाली. क्वेंटिन रेनॉल्ड्स या नामवंत अमेरिकन वार्ताहराचा आवाज तिला आहे. आणि मग सगळं हरवलं. १९८३ मध्ये चेट्टियार वारला तेव्हा त्याचा पट पाहिलेली माणसं होती, पट नव्हता. तमिळ इतिहासकार ए. आर. वेंकटाचलपती यांनी पुढे पिच्छा पुरवून ती इंग्रजी आवृत्ती सॅन फ्रान्सिस्कोतल्या एका विद्यापीठाच्या संग्रहातून मिळवली. मूळ पूर्ण तमिळ पट हाती लागला नाही. लाख मैल फिरून इतरांची चित्रं वाचवणाऱ्याचं स्वतःचं रीळच वाचलं नाही.

आता जरा मुंबईकडे वळू. १९४० मध्ये सरकारनं युद्धप्रचारासाठी फिल्म ॲडव्हायझरी बोर्ड नेमलं. जे. बी. एच. वाडिया अध्यक्ष, आणि काही काळ व्ही. शांताराम प्रमुख निर्माते. १९४३ मध्ये त्याची जागा ‘इन्फर्मेशन फिल्म्स ऑफ इंडिया’नं घेतली आणि ‘इंडियन न्यूज परेड’ हा वार्तापट थिएटरांत सक्तीनं दाखवला जाऊ लागला. लोकांना त्याचा तिटकारा होता. इकडे पुढारी तुरुंगात आणि पडद्यावर साहेबाच्या फौजेचं कौतुक. १९४६ मध्ये कायदेमंडळातल्या राष्ट्रीय सभासदांनी त्याचा पैसा कापला आणि खातं बंद झालं. त्यांचा राग रास्तच होता. पण त्याचा परिणाम असा झाला की, १४ ऑगस्ट १९४७ च्या मध्यरात्री देश स्वतंत्र होत असताना सरकारजवळ स्वतःचं चित्रपट खातंच नव्हतं. ती रात्र आणि तो दिवस आपण आज पाहतो तो खासगी आणि परदेशी कॅमेरामनांच्या कृपेनं.

फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली ती १९४८ मध्ये, मुंबईत. तोवर गांधीजी गेले होते. ३० जानेवारीला बिर्ला हाउसच्या हिरवळीवर प्रार्थनेच्या वेळी चलच्चित्राचा कॅमेरा नव्हता. त्याच दिवशी काही वेळ आधी आंरी कार्तिए-ब्रेसाँ त्यांना भेटून, आपल्या छायाचित्रांचं पुस्तक दाखवून गेला होता. मार्गारेट बर्क-व्हाइटही त्या दिवशी भेटली होती. जगातले दोन नामांकित छायाचित्रकार आवारात येऊन गेले आणि तो क्षण कुणाच्याच फिल्मवर नाही. माझ्या मते ही उणीव नाही. काही गोष्टी फिल्मवर नसल्यामुळेच त्यांच्याबद्दल साक्षी वाचाव्या लागतात, आणि वाचल्यानं माणूस जरा जबाबदारीनं बोलतो. दुसऱ्या दिवशीची अंत्ययात्रा मात्र अनेक कॅमेऱ्यांनी टिपली. म्हणून प्रत्येक माहितीपट गोळ्यांचा आवाज काळ्या पडद्यावर ऐकवतो आणि थेट त्या अलोट गर्दीवर येतो.

आता आपल्या ओळखीचा एक माणूस. दीनानाथ गोपाळ तेंडुलकर, रत्नागिरीचे. मॉस्कोला जाऊन आयझेनस्टाइनकडे सिनेमा शिकून आलेला हा कोकणी गृहस्थ. त्या पिढीत सिनेमाचं शास्त्र शिकायला बाहेर गेलेले तिघं आपल्याकडे नेहमी एकत्र सांगितले जातात. जर्मनीला गेलेले के. एस. हिरलेकर, पॅरिसचे पाथी आणि रशियाला गेलेले तेंडुलकर. सिनेमा शिकून तेंडुलकरांनी लिहिलं काय, तर ‘महात्मा’ हे आठ खंडी इंग्रजी चरित्र. १९५१ ते १९५४ या चार वर्षांत हे खंड निघाले आणि त्यातल्या मजकुराइतकीच त्यातली छायाचित्रं वाखाणली गेली. प्रकाशनात त्यांचे जोडीदार होते विठ्ठलभाई झवेरी. गांधीजींची छायाचित्रं आणि चित्रफिती जमवणं हे या झवेरींचं वेड.

चरित्र छापून झालं, पण झवेरी थांबले नाहीत. गांधी स्मारक निधी आणि फिल्म्स डिव्हिजन यांच्या सहकार्यानं त्यांनी १९६८ मध्ये ‘महात्मा : लाइफ ऑफ गांधी’ पूर्ण केला. संहिता त्यांची, दिग्दर्शन त्यांचं, निवेदनही त्यांचंच. ३३ रिळं, पाच तासांहून अधिक. गांधीजींच्या जन्मशताब्दीच्या तोंडावर हा पट आला. पाच तास सलग कोण बसणार, म्हणून पुढे सव्वादोन तासांची आणि तासाभराची इंग्रजी आवृत्ती निघाली, हिंदी निघाली, जर्मनसुद्धा निघाली. आज कुठल्याही वाहिनीवर गांधीजींचं जुनं हलतं चित्र आलं की ते या ३३ रिळांतून आलेलं असण्याची शक्यता दांडगी.

झवेरींनी निवेदनाचा प्रश्न चेट्टियारपेक्षा निराळ्या रीतीनं सोडवला. बरंचसं निवेदन गांधीजींच्याच शब्दांत ठेवलं. यातली खुबी आणि यातला धोका दोन्ही सांगायला हवेत. खुबी ही की मधला माणूस बाजूला होतो. धोका असा की, मूक चित्रावर त्या माणसाचे शब्द आले की पाहणाऱ्याला वाटतं, ते शब्द तिथंच उच्चारले जात आहेत. अशा पटांत गांधीजींचा प्रत्यक्ष आवाज वापरायचा झाला तर हाताशी साधनंच थोडी. १९३१ मध्ये लंडनच्या मुक्कामात कोलंबिया कंपनीनं काढलेली तबकडी त्यातली एक. ईश्वरावरचा जुना लेख ते त्यात संथपणे वाचतात. तोच आवाज पुढे कितीतरी माहितीपटांत चंपारणच्या, दांडीच्या, नोआखालीच्या चित्रांखाली वाजलेला आहे. आवाज खरा, चित्र खरं, दोघांची गाठ मात्र एडिटिंग टेबलावर पडलेली.

ते टेबल एकदा कुणीतरी जवळून पाहावं. दोन्ही बाजूंना आडव्या थाळ्या, मध्ये तळहाताएवढी काच, खाली दिवा. हातात पांढरे सुती मोजे, कारण बोटाचा घाम फिल्मवर कायमचा डाग ठेवतो. काचेखाली एकेक चित्र सरकतं. जुन्या प्रिंटवर उभे ओरखडे असतात, चालू केलं की पाऊस पडल्यासारखे दिसतात. मध्येच एक सांधा येतो, तिथे कुणीतरी कधीतरी कापून चिकटवलेलं असतं. काय कापलं, हे सांध्यावरून कळत नाही. अनुभवी संकलक सांधा पाहून थांबतो आणि डब्यावरची चिठ्ठी शोधतो. बहुतेक वेळा चिठ्ठी गळून पडलेली असते.

याच्या अगदी उलट टोकाला रिचर्ड ॲटनबरोचा ‘गांधी’. संग्रहित चित्रं जोडून चित्रपट करायचा नव्हता, म्हणून त्यानं संग्रहच नव्यानं घडवला. अंत्ययात्रेच्या तेहतिसाव्या वर्षी, ३१ जानेवारी १९८१ रोजी, दिल्लीत तीन लाखांहून अधिक माणसं जमली. अकरा तुकड्यांनी सकाळभर २०,००० फूट फिल्म चालवली, आणि चित्रपटात उरलं ते १२५ सेकंदांचं दृश्य. लंडन मुक्कामाच्या भागात त्यानं बेन किंग्सलीला घेऊन जुन्या वार्तापटाची कृष्णधवल नक्कलही केली, तो ठसकेबाज निवेदक धरून. नक्कल बेमालूम आहे. आणि १९४८ ची खरी अंत्ययात्रा या रंगीत अंत्ययात्रेशेजारी ठेवली की खरीच जराशी फिकी वाटते. खऱ्या गर्दीत कॅमेरामनला धक्के बसतात, मध्ये डोकी येतात, चित्र हलतं. नकलेत सगळं जिथल्या तिथं असतं. माहितीपट पाहताना चित्र फारच नीट बांधलेलं दिसलं तर मला हल्ली शंका येते.

आपल्या दादासाहेब फाळक्यांनी तर स्वतःलाच असं उभं केलं होतं. १९१७ मधल्या त्यांच्या ‘चित्रपट कसे तयार करतात’ या छोट्या पटात ते नटांना सूचना देताना, फिल्म तपासताना दिसतात. फाळक्यांवरच्या माहितीपटांना हा तुकडा सोडवत नाही, जणू कुणी बाजूला उभं राहून त्यांना न कळत टिपलं. प्रत्यक्षात दादासाहेब तिथे दादासाहेबांची भूमिका करत आहेत, आणि झकास करत आहेत. तो तुकडा आपल्यापर्यंत पोचला याचं श्रेय बरंचसं पी. के. नायर यांना. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालं, नायर पुढच्या वर्षी तिथे आले आणि १९९१ पर्यंत त्यांनी देशभर वणवण करून डबे गोळा केले. नाशिकला फाळके कुटुंबाकडून त्यांनी आणलेली रिळं ही त्यातलीच. तोवर किती गेलं होतं त्याला हिशेब नाही. जुनी फिल्म चांदी काढून घ्यायला विकली जाई आणि उरलेल्या सेल्युलॉइडच्या बांगड्या होत. डिसेंबर १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा मुंबईला चौपाटीवर झालेला त्यांचा सत्कार सावेदादांनी, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी टिपला होता. आपला पहिला वार्तापट म्हणावा असा. त्यातला एक फूटही आज नाही.

गोळा केलेलंही सुरक्षित असतंच असं नाही. नायट्रेट फिल्म ही स्फोटक कापसाची चुलतबहीण. एकदा पेटली की पाण्याखालीसुद्धा जळत राहते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातल्या कोठीला आग लागली आणि नायट्रेटवरचे जुने चित्रपट त्यात गेले.

तरीही डबे सापडत राहतात. २०१९ च्या ऑक्टोबरात, गांधीजींच्या दीडशेव्या जयंतीला, पुण्याच्या संग्रहालयानं ३० रिळं मिळाल्याचं जाहीर केलं. जवळजवळ सहा तासांची, न कापलेली, कसलंही निवेदन नसलेली चित्रं. पाथे, पॅरामाउंट, युनिव्हर्सल, ब्रिटिश मूव्हीटोन आणि आपलं वाडिया मूव्हीटोन अशा कंपन्यांनी काढलेली. त्यात गांधीजींच्या अस्थी मद्रासहून रामेश्वरला नेणाऱ्या आगगाडीचं अर्ध्या तासाचं चित्रण आहे. चेट्टियारला ही रिळं मिळती तर त्यानं काय केलं असतं, हा विचार मनात येतोच.

असे डबे अजूनही घरोघर आहेत. आजोबांनी काढलेली लग्नाची आठ मिलिमीटरची फिल्म, गावातल्या बंद पडलेल्या तंबू टॉकीजच्या मालकाच्या माळ्यावर राहिलेलं रीळ, साखर कारखान्याच्या उद्घाटनाची सोळा मिलिमीटरची प्रिंट. डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर फिल्म कुजायला लागली आहे असं समजा. चिकट तपकिरी भुकटी दिसली आणि फिल्म पस्तीस मिलिमीटरची, १९५० च्या आसपासची किंवा त्याआधीची असेल तर ती नायट्रेट असू शकते. जवळ काडी ओढू नका, उन्हात ठेवू नका, उलगडून पाहायचा मोह आवरा. भंगारवाल्याला देण्याआधी पुण्याला लॉ कॉलेज रस्त्यावरच्या संग्रहालयाला एक पत्र टाका. आणि त्याआधी, आजच, डब्यावर एक चिठ्ठी चिकटवा. कुणी काढलं, कुठं, कोणत्या साली, आणि चित्रात डावीकडून तिसरा माणूस कोण, एवढं तरी तिच्यावर लिहा.